महासागरावरची वाट: विमान रस्ता चुकतं ते नेमकं कुठे?

नभोवाट

"जीपीएस असताना विमान रस्ता चुकेलच कसं?" हा प्रश्न दर दोन-चार महिन्यांनी कुठल्यातरी धाग्यात येतो आणि मूळ विषय बाजूला राहतो. म्हणून हा वेगळा धागा.

माझं मत आधीच सांगून टाकतो. यंत्राला जी वाट भरवली, ती ते काटेकोर पाळतं. चुकीची भरवली तर तीही तितक्याच काटेकोरपणे पाळतं. म्हणून लांब पल्ल्याच्या उड्डाणात खरं काम आहे ते भरवलेले आकडे तपासायचं.

उत्तर अटलांटिकचं घ्या. किनाऱ्यापासून दोन-अडीचशे मैलांपुढे जमिनीवरचं रडार पोचत नाही. तिथले मार्ग वाऱ्याप्रमाणे रोज नव्याने आखले जातात. दिवसा पश्चिमेकडे जाणाऱ्यांचे शॅनविक (ब्रिटन-आयर्लंडच्या बाजूचं नियंत्रण केंद्र) आखतं, रात्री पूर्वेकडे येणाऱ्यांचे गँडर (कॅनडाच्या बाजूचं). मार्गावरच्या बहुतेक बिंदूंना नाव नसतं, फक्त अक्षांश-रेखांश. गोम तिथेच आहे. एफएमएसमध्ये (वाट भरायच्या विमानातल्या संगणकात) '५२५०एन' टाकलं तर त्याचा अर्थ ५२ अंश उत्तर, ५० अंश पश्चिम. 'एन५२५०' टाकलं तर ५२ अंश ३० मिनिटं उत्तर, ५० अंश पश्चिम. एक अक्षर पुढचं मागे गेलं आणि बिंदू ३० मैल सरकला (इथे सगळीकडे मैल म्हणजे नॉटिकल मैल). त्यात शेजारचा मार्गही अर्ध्या अंशावर असू शकतो. म्हणजे तुम्ही नेमके दुसऱ्याच्या वाटेवर. या घोळावर उपाय म्हणून अर्ध्या अंशाच्या बिंदूंना 'एन'ऐवजी 'एच'ने सुरू होणारी खूण वापरावी अशी शिफारस आहे, पण सगळ्या डेटाबेसमध्ये ती नसते.

बिंदू हाताने पूर्ण अक्षांश-रेखांश देऊन भरला तरी सुटका नाही. बऱ्याच पडद्यांवर नावाला सातच अक्षरांची जागा असते. ५२ अंश असो की साडेबावन्न, दोन्ही ठिकाणी 'एन५२डब्ल्यू०५०' एवढंच दिसतं. त्यामुळे नाव वाचून तपासणी झाली असं मानणं म्हणजे स्वतःचीच समजूत काढणं. बिंदू उघडून पूर्ण आकडे वाचायचे.

---

आकडेमोड

चांगला धागा. त्यात एक भर घालतो, कारण 'अंतर जुळलं की झालं' असं मानणारे बरेच असतात.

५२ उत्तर ४० पश्चिम पासून ५२ उत्तर ५० पश्चिम हा टप्पा धरा. अंतर साधारण ३६९ मैल. आता पुढचा बिंदू चुकून साडेबावन्नवर गेला असं समजा. अंतर किती? साधारण ३६८ ते ३६९! उत्तरेकडे रेखावृत्तं जवळ येतात, त्यामुळे तिरकं गेल्याने वाढलेलं अंतर जवळजवळ तेवढंच कमी होतं. अंतराच्या रकान्यात चूक दिसणारच नाही. दिसेल ती दिशेत. बरोबर टप्प्याची सुरुवातीची खरी दिशा २७४ च्या आसपास, चुकलेल्या टप्प्याची २७८-२७९. म्हणजे सुमारे साडेचार अंशांचा फरक.

तेव्हा दिशा आणि अंतर, दोन्ही कागदावरच्या फ्लाइट प्लॅनशी ताडायचे. दिशा ताडताना कागदावर खरी उत्तर आहे की चुंबकीय, हेही बघायचं. त्या भागात दोन्हींत वीस अंशांपर्यंत फरक असतो आणि तिथे साडेचार अंश सहज हरवतात.

---

ध्रुवमत्स्य

म्हणूनच 'दहा मिनिटांची खूण' अजून टिकून आहे. बिंदू ओलांडल्यावर साधारण दहा मिनिटांनी विमानाची प्रत्यक्ष जागा घ्यायची आणि नकाशावर (कागदी किंवा टॅबलेटवरच्या) टिंब द्यायचं. टिंब मंजूर रेघेवर पडलं पाहिजे. आकडेमोड यांच्याच उदाहरणात ४८० नॉटने (ताशी ४८० मैल) दहा मिनिटांत ८० मैल जातात. साडेचार अंश तिरकं गेलं तर टिंब रेघेपासून सहा-साडेसहा मैल बाजूला पडतं. उत्तर अटलांटिकमध्ये १० मैलांवरचं भरकटणं 'मोठी मार्गचूक' म्हणून नोंदलं जातं. म्हणजे ही खूण चूक त्या नोंदीत जाण्याआधीच पकडते. दहा मिनिटांचा हिशेब तिथूनच येतो. फार लवकर टिंब दिलं तर फरक जाणवत नाही, उशिरा दिलं तर शेजाऱ्याच्या अंगणात पोचलेलो असतो.

टिंब देताना जागा कुठून घ्यायची तेही महत्त्वाचं. एफएमएसच्या नकाशावरची गुलाबी रेघ आणि त्यावर बसलेलं विमान पाहून काहीच सिद्ध होत नाही. ती रेघच चुकीच्या बिंदूकडे जात असेल तर विमान तिच्यावर अगदी छान बसलेलं दिसणार.

---

तिरपी_नजर

भरण्याच्या पद्धतीवर थोडं. एकाने मार्ग भरायचा. दुसऱ्याने पहिल्याने काय भरलं ते न ऐकता, पडद्यावरून एकेक बिंदू मोठ्याने वाचायचा. पहिल्याने तो नियंत्रकाने दिलेल्या मंजुरीच्या मजकुराशी ताडून कागदावर टिक करायची. उलटं केलं, म्हणजे कागदावरून वाचून पडद्यावर 'हो, आहे' म्हटलं, की डोळा जे अपेक्षित आहे तेच बघतो.

सगळ्यात जास्त चुका होतात त्या आयत्या वेळी मार्ग बदलला की. मूळ प्लॅन कंपनीकडून थेट यंत्रात आलेला असतो, त्यात बहुधा काही बिघडत नाही. मग मंजुरीत एक-दोन बिंदू वेगळे येतात, ते हाताने घालावे लागतात आणि कागदावर जुनाच मार्ग छापलेला राहतो. नवी दिशा-अंतरं कुठेच लिहिलेली नसतात. अशा वेळी जुन्या कागदावर स्पष्ट काट मारायची, नवे बिंदू लिहायचे, त्यांची दिशा-अंतरं तक्त्यातून काढायची आणि जुना प्लॅन हाताला लागणार नाही असा बाजूला ठेवायचा.

आकडा भरताना काय होतं याचं सणसणीत उदाहरण मार्च २०१५ मधलं. सिडनीहून क्वालालंपूरला निघालेलं एअरबस ए३३०. जमिनीवर असताना जडत्व यंत्रणेला (विमानाची हालचाल मोजून जागा सांगणारी यंत्रणा) विमान कुठे उभं आहे ते सांगावं लागतं. रेखांश भरायचा होता १५१०९.८ पूर्व, म्हणजे १५१ अंश ९.८ मिनिटं. भरला गेला ०१५१९.८, म्हणजे १५ अंश १९.८ मिनिटं. यंत्राच्या लेखी विमान ११,००० किलोमीटरहून अधिक लांब उभं होतं. उड्डाणानंतर ते भलतीकडे वळलं आणि समांतर धावपट्टीच्या निर्गमन मार्गात शिरलं. हवेत दुरुस्ती करायला गेल्यावर आणखी यंत्रणा गेल्या. सिडनीचं हवामान वाईट, त्यामुळे शेवटी मेलबर्नला उतरवलं. इशारे निघण्याआधीच येत होते, पण ते दुर्लक्षले गेले.

साधी तपासणी: उड्डाणासाठी धावपट्टीवर उभं राहिल्यावर नकाशाच्या पडद्यावर विमानाचं चिन्ह धावपट्टीच्या टोकाशीच दिसतंय का? दोन सेकंदांचं काम.

---

काठावरचा

+१. आणि आकडे बरोबर असूनही ऑटोपायलट ते पाळतोय का, हा निराळा प्रश्न. १ सप्टेंबर १९८३ चं कोरियन ००७. अँकरेजहून सोलकडे जाताना विमान पाच तासांहून अधिक काळ एकाच चुंबकीय दिशेने उडत राहिलं. १९९३ च्या आयकाओ (आंतरराष्ट्रीय नागरी विमान वाहतूक संघटना) अहवालाप्रमाणे ऑटोपायलट एकतर दिशेच्याच मोडवर राहिला, किंवा जडत्व यंत्रणेवर वळवला तोवर विमान मार्गापासून इतकं दूर होतं की यंत्रणेने मार्ग पकडलाच नाही (पकडायला साडेसात मैलांच्या आत असावं लागे). सोव्हिएत हद्दीत ते पाडलं गेलं, २६९ जण गेले. त्यानंतर घोकलेलं वाक्य: बटण दाबलं म्हणजे मोड लागला असं नाही, वरच्या पट्टीवर हिरव्या अक्षरात काय लिहून आलंय ते वाचा.

---

उत्तरवारा

इतक्या अचूकतेचा एक तोटाही आहे, तो कोणी काढला नाही अजून. पूर्वी एकाच मार्गावरची विमानं आपसूक मैल-दोन मैल इकडेतिकडे असायची. आता सगळी एकाच रेघेवर, बरोब्बर एकमेकांच्या डोक्यावर. एकाची उंची चुकली की आडवं अंतर शून्य. २९ सप्टेंबर २००६ ला ब्राझीलवर एक बोइंग ७३७ आणि एक छोटं जेट एकाच हवाई मार्गावर, एकाच ३७,००० फुटांवर समोरासमोर आली. १५४ जणांचा मृत्यू झाला.

यावरचा उपाय फुकटचा आहे, मुद्दाम उजवीकडे सरकून उडायचं. मार्गरेघेपासून उजवीकडे २ मैलांपर्यंत, हवं तर मैलाच्या दहाव्या भागांच्या पायरीने. डावीकडे नाही. परवानगी मागावी लागत नाही. पुढच्या विमानाच्या मागचे भोवरेही टळतात. सगळ्यांनी नेमका १ मैलच धरला तर मात्र पुन्हा एकच रेघ तयार होते, म्हणून आकडा वेगवेगळा असू द्यावा.

---

काठावरचा

आणि इंजिन गेलं, उंची टिकत नाही आणि संपर्क होत नाही अशा वेळी? ४५ अंश वळून १५ मैल बाजूला जायचं, बरोबर ना?

---

ध्रुवमत्स्य

@काठावरचा, ते जुनं झालं. नोव्हेंबर २०२० पासून जगभर नवा नियम लागू आहे. मार्गापासून किमान ३० अंश वळायचं आणि ५ मैल बाजूला समांतर जायचं. तिथे पोचल्यावर नेहमीच्या उंचीपेक्षा ५०० फूट वर किंवा खाली (४१,००० च्या वर असाल तर १,००० फूट), किंवा मार्गांच्या गर्दीच्या खाली म्हणजे २९,००० च्या खाली उतरून मग हवं तिकडे वळायचं. पाच मैल होईतो उंची धरवत नसेल तर उतरण्याचा वेग शक्य तितका कमी ठेवायचा. बाहेरचे सगळे दिवे लावायचे, १२१.५ आणि १२३.४५ मेगाहर्ट्झच्या रेडिओवर आपली जागा, उंची, इरादा सांगत राहायचं.

वळायचं कुठे, हे पर्यायी विमानतळ कोणत्या बाजूला आहे, शेजारचा मार्ग कुठे आहे आणि तुम्ही आधीच उजवीकडे किती सरकला आहात यावर ठरतं. ते गडबड सुरू होण्याआधी ठरलेलं असावं.

वादळ टाळण्यासाठीचं सरकणं वेगळं. परवानगी मिळालीच नाही आणि ५ मैल किंवा जास्त जावं लागलं, तर ३०० फूट उंची बदलायची. पूर्वेकडे जाणाऱ्याने डावीकडे गेल्यास खाली, उजवीकडे गेल्यास वर. पश्चिमेकडे जाणाऱ्याने डावीकडे वर, उजवीकडे खाली. पाठ करायचं असेल तर एवढंच लक्षात ठेवा: दोघेही उत्तरेकडे सरकले तर खाली, दक्षिणेकडे सरकले तर वर.

---

नभोवाट

हे उत्तर-दक्षिणचं सूत्र झकास.

आता ईटीपीकडे येऊ, म्हणजे जिथून मागचा आणि पुढचा पर्यायी विमानतळ वेळेने सारखाच दूर असतो तो बिंदू. मधोमध असेल असं वाटतं, पण वारा तो हलवतो. सूत्र: दोन विमानतळांमधलं अंतर गुणिले मागे फिरल्यावरचा जमिनीवरचा वेग, भागिले दोन्ही दिशांच्या वेगांची बेरीज.

समजा अंतर १,८०० मैल, एका इंजिनावर हवेतला वेग ४०० नॉट, पाठीवर ५० नॉटचा वारा. पुढे ४५०, मागे ३५०. १,८०० × ३५० ÷ ८०० = ७८७.५ मैल. म्हणजे बिंदू मध्यापासून ११२ मैल अलीकडे, वारा जिकडून येतो त्या बाजूला. तिथून दोन्हीकडे सव्वादोन तास, १३५ मिनिटं. पर्यायी विमानतळापासून एका इंजिनावर १२० मिनिटांपर्यंतच दूर जायची मंजुरी असलेल्या विमानाला हा मार्ग बंद, १८० वाल्याला खुला.

ही मंजुरी कशी वाढत गेली तेही बघण्यासारखं आहे. दोन इंजिनांच्या विमानांना आधी ६० मिनिटांची मर्यादा होती. १९८५ मध्ये १२० झाली, १९८८ मध्ये १८०. २०१४ मध्ये बोइंग ७८७ ला ३३० आणि एअरबस ए३५० ला ३७० मिनिटं मिळाली. नुसत्या इंजिनाच्या भरवशावर ते मिळत नाही. माल कक्षातली आग दाबून ठेवणारा वायू वळण्याच्या वेळेपेक्षा १५ मिनिटं जास्त पुरला पाहिजे. १८० ला १९५. बऱ्याचदा खरी मर्यादा तीच ठरते.

---

आकडेमोड

गंमत बघा. वारा सगळीकडे सारखा धरला तर बिंदू सरकतो, पण वेळ बदलत नाही. वेळ = अंतर ÷ (पुढचा वेग + मागचा वेग), आणि बेरजेत वारा कटतो. १,८०० ÷ ८०० म्हणजे २.२५ तास, वारा ५० असो की १५०. प्रत्यक्षात वारा दोन्हीकडे सारखा नसतो म्हणून थोडा फरक पडतो, पण ईटीपीची वेळ पूर्वीपेक्षा वीस मिनिटांनी वेगळी आली तर आधी टायपिंगची चूक शोधा.

आणि ईटीपी एकच नसतो. केबिनमधला हवेचा दाब गेल्याचा वेगळा काढतात, कारण १०,००० फुटांवर उतरावं लागतं, तिथे वेग घटतो आणि इंधनाचा खप बेसुमार वाढतो. किमान इंधन बहुतेक वेळा याच हिशेबावर ठरतं. इंजिन सुरू असूनही!

तिबेटच्या पठारावर तर १०,००० ला उतरताच येत नाही. प्रवाशांच्या डोक्यावरचे रासायनिक ऑक्सिजन जनित्र सुमारे १२ ते २२ मिनिटं चालतात, प्रकारानुसार. तेवढ्यात सखल भागात नेणारे सुटकेचे मार्ग आधीच यंत्राच्या दुसऱ्या फ्लाइट प्लॅनमध्ये भरून ठेवतात.

---

तिरपी_नजर

इंधनावर लिहायचंच होतं. प्रत्येक बिंदूवर, आणि बिंदू लांब असतील तर तासाला एकदा तरी, दोन वेगळ्या तपासण्या करायच्या. त्यांची गल्लत होते.

पहिली: टाकीत उरलेलं आणि प्लॅनमध्ये त्या बिंदूला लिहिलेलं. फरक पडला तर वारा, उंची, वजन यांचा विचार.

दुसरी: टाकीत उरलेलं + इंजिनांनी वापरलेलं = निघतानाचं. ही बेरीज बदलता कामा नये. निघताना ८४.० टन, वापरलं ३६.२, मग उरायला हवं ४७.८. मापक ४६.१ दाखवतोय? १.७ टन कुठे गेलं? वापर इंजिनाजवळच्या प्रवाहमापकावर मोजला जातो. टाकी आणि मापकाच्या मधे गळलं तर ते 'वापरलं'मध्ये येतच नाही. मापकाच्या पुढे गळत असेल तर बेरीज जुळते, पण त्या एका इंजिनाचा वापर दुसऱ्यापेक्षा अवास्तव जास्त दिसतो. काहीशे किलोंची तफावत नेहमीचीच, कल बघायचा. मागच्या तासांत ०.३, ०.८ आणि आता १.७ असेल तर ती मापकाची लहर नसते.

आणि इथे जीवघेणी चूक म्हणजे क्रॉसफीड (दोन बाजूंच्या टाक्या जोडणारी झडप). एका बाजूचं कमी दिसलं की समतोल साधायला झडप उघडायचा मोह होतो. २४ ऑगस्ट २००१, अटलांटिकवर एअर ट्रान्सॅटचं ए३३०. उजव्या इंजिनात हायड्रॉलिक पंपाचे न जुळणारे भाग बसवल्याने नळी घासून इंधनाची नळी फुटली. पहिलं लक्षण इंधनाचं नव्हतं. तेलाचं तापमान कमी, दाब जास्त. तेल थंड करतं ते इंधनच, आणि ते भसाभस वाहत होतं. मग असमतोलाचा इशारा आला, क्रॉसफीड उघडलं गेलं आणि डाव्या टाकीतलं इंधनही गळतीकडे गेलं. दोन्ही इंजिनं बंद. सुमारे ६५ मैल, १९ मिनिटं तरंगत ते अझोर्समधल्या लाजेसला उतरलं. सगळे ३०६ वाचले. समतोलाच्या चेकलिस्टची पहिलीच ताकीद असते: गळतीचा संशय असेल तर झडप उघडू नका.

---

उत्तरवारा

थंड इंधनाचं थोडक्यात. विमानाच्या इंधनाचे दोन प्रकार: जेट ए गोठतं उणे ४० ला, जेट ए-१ उणे ४७ ला, आणि मर्यादा त्यापेक्षा ३ अंश वर. बाहेर उणे ७० असलं तरी टाकी त्या दिशेने जात नाही, हवेच्या घर्षण-दाबाने तापलेल्या तापमानाकडे जाते. ०.८४ माखला (आवाजाच्या वेगाच्या ०.८४ पट) ते साधारण उणे ४१ येतं. म्हणजे जेट ए-१ ला चालेल, जेट ए ची मर्यादा (उणे ३७) काही तासांत ओलांडली जाईल. वेग ०.०१ ने वाढवला तर मिळतात जेमतेम ०.७ अंश. त्यापेक्षा खाली उतरणं किंवा उबदार हवेकडे वळणं बरं. टाकी साधारण तासाला ३ अंशांनी बदलते, तेव्हा इशारा येईपर्यंत थांबू नये.

---

काठावरचा

मग धाग्याच्या सुरुवातीच्या जीपीएसचं काय? सप्टेंबर २०२३ पासून इराक-इराणच्या बाजूला खोट्या सिग्नलांनी जडत्व यंत्रणासुद्धा फसल्याच्या घटना घडल्यात.

---

ध्रुवमत्स्य

@काठावरचा, तो प्रकार दोन तऱ्हेचा. सिग्नल दडपला तर यंत्रणा सरळ सांगते की जीपीएस नाही. यात फारसा धोका नसतो. खोटा सिग्नल दिला तर यंत्रणा आनंदाने खोटी जागा घेते, आणि जडत्व यंत्रणा जीपीएसने सुधारून घेणाऱ्या प्रकारची असेल तर तीही त्या मागे जाते.

लक्षणं बघायची ती अशी. घड्याळ अचानक काही मिनिटं किंवा तास उडी मारतं, वाऱ्याचा आकडा विचित्र होतो, जीपीएस आणि जडत्वाच्या जागांमधलं अंतर वाढत जातं, ३५,००० फुटांवर 'पुल अप'ची (जमीन जवळ आल्याची) आरोळी येते.

त्या भागात शिरण्याआधी जीपीएसवरून जागा सुधारून घेणं बंद करायचं (विमानाच्या प्रकारानुसार आणि कंपनीच्या पद्धतीनेच), घड्याळ आतल्या वेळेवर आणायचं, जवळची व्हीओआर-डीएमई (दिशा आणि अंतर सांगणारी जमिनीवरची रेडिओ केंद्रं) लावून ठेवायची. बाहेर पडल्यावर दोन स्वतंत्र स्रोतांशी जागा जुळली की मगच जीपीएस परत. घड्याळ विसरू नका. वेळ चुकलेली असेल तर पुढे समुद्रावर डेटालिंकचं (नियंत्रकाशी लेखी संदेशांच्या जोडणीचं) लॉगऑनच फसतं आणि त्याचं कारण कोणाच्या लक्षात येत नाही.

परत आलंच नाही तर महासागरात शिरण्याआधी नियंत्रकाला सांगायचं. नुसत्या जडत्वावर ताशी २ मैलांपर्यंतचं सरकणं धरतात. म्हणून १० मैलांच्या अचूकतेच्या हद्दीत, यंत्रणा जमिनीवर दिशादर्शन मोडवर टाकल्यापासून ६.२ तासांची मर्यादा आहे. मधे डीएमईवरून जागा सुधारून घेतली तर ती वाढवून मिळू शकते, पण समुद्राच्या मधोमध डीएमई कुठून आणणार?

---

आकडेमोड

@तिरपी_नजर, इंधनाच्या बेरजेत एक छोटी दुरुस्ती. एपीयूने (वीज-हवा पुरवणारं शेपटीतलं छोटं इंजिन) जाळलेलं बहुतेक विमानांत 'वापरलं'मध्ये धरत नाहीत. जमिनीवर तासभर एपीयू चालवून निघालात आणि सुरुवातीचा आकडा इंधन भरल्याच्या पावतीवरून घेतलात, तर पहिल्याच बिंदूला काहीशे किलो 'गायब' दिसतील. आकडा इंजिनं सुरू झाल्यावरचा घ्यावा.

---

तिरपी_नजर

बरोबर. आणि हवेत एपीयू चालू असेल तर तेही टिपून ठेवायचं.